रेशन दुकान रद्द झाले, पुढे काय?

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

‘आमच्या गावचे रेशनचे दुकान साहेबांनी रद्द केले होते. मग तोच दुकानदार चार महिन्यांनी पुन्हा काट्यावर कसा बसला?’ वकिली करणारा माणूस गावाकडे गेला की हा प्रश्न त्याला कोणीतरी विचारतोच. विचारणाऱ्याच्या मनात उत्तरही तयार असते, की वर पैसे पोचले असतील. तसे कधीच होत नाही असे मी म्हणणार नाही. पण पुष्कळदा उत्तर याहून साधे आणि जास्त खेदाचे असते. दुकान रद्द करणारा कागदच इतका कच्चा असतो, की तो वरच्या पायरीवर टिकत नाही. आज त्या कागदाविषयी बोलायचे आहे.

रेशन ही आपल्याकडे दुसऱ्या महायुद्धाने आणलेली गोष्ट. मुंबईत १९४३ साली शिधावाटप सुरू झाले. पुढे १९७२ च्या दुष्काळात लाल मिलो ज्वारीसाठी लावलेल्या रांगा आजही घरोघरीच्या वडीलधाऱ्यांना आठवतात. या सगळ्या व्यवहाराचा कायदेशीर पाया म्हणजे १९५५ चा जीवनावश्यक वस्तू अधिनियम. त्याच्या आधाराने महाराष्ट्रात १९७५ साली अनुसूचित वस्तूंच्या वितरणाचा आदेश निघाला, आणि दुकान देणे, तपासणे, काढून घेणे हे सारे प्रामुख्याने त्या आदेशाखाली चालत आले. त्यावर २०१३ च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याची भर पडली. पूर्वी धान्य ही सरकारची योजना होती, या कायद्याने तो कार्डधारकाचा हक्क झाला. प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो आणि अंत्योदय कुटुंबाला ३५ किलो. जानेवारी २०२३ पासून हे धान्य मोफत मिळते.

आता शब्दाचा एक घोळ काढून टाकू. आपण ‘लायसन’ म्हणतो. कागदोपत्री त्याला प्राधिकारपत्र म्हणतात, आणि हा फरक नुसता शब्दांचा नाही. किराणा दुकानदार स्वतःच्या पैशाने माल आणतो आणि स्वतःच्या भावाने विकतो. रेशन दुकानदाराचे तसे नाही. धान्य सरकारचे, भाव सरकारचा, गिऱ्हाईकही सरकारने नेमून दिलेले. गोदामातले पोते तुमच्या पिशवीपर्यंत पोचवणारा तो मधला माणूस, आणि त्याबद्दल त्याला क्विंटलमागे कमिशन. महाराष्ट्रात हे कमिशन अनेक वर्षे क्विंटलला १५० रुपये होते. महिन्याला शंभर क्विंटल धान्य उठत असेल तर हिशेब सोपा आहे, पंधरा हजार रुपये. त्यातून जागेचे भाडे, मापाडी, वीजबिल. एवढ्यासाठी माणसे हायकोर्टापर्यंत का धावतात, असे कुणी विचारले तर त्याचे एकच एक उत्तर नाही. कुणाचे पोट त्यावर असते, कुणाची गावातली पत. आणि काहींच्या बाबतीत कमिशनबाहेरची कमाई असते, हेही बोलून दाखवायला हरकत नाही.

दुकानदार हा असा नेमलेला माणूस असल्यामुळे दुकान मिळण्याचा मूलभूत हक्क कुणालाच नाही. सरकार धोरण बदलू शकते. छत्तीसगडने २००४ साली खासगी दुकानदारांना या व्यवहारातून बाजूला करून दुकाने पंचायती, सहकारी संस्था आणि बचत गट यांच्याकडे सोपवण्याचा आदेश काढला. दुकानदारांची संघटना थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली, पण धोरण टिकले. अन्न सुरक्षा कायद्यातही पंचायती, बचत गट आणि सहकारी संस्था यांना प्राधान्य देण्याचे कलम आहेच.

मग एका दुकानदाराचे दुकान काढले की कोर्ट मध्ये का पडते? कारण ती धोरणाची बाब नसते. सगळ्यांना सारखा नियम लावणे वेगळे, आणि एका माणसाला ‘तू धान्य काळ्या बाजारात विकलेस’ असे म्हणून घरी बसवणे वेगळे. तो ठपका झाला. ठपका ठेवायचा तर कशाबद्दल ते सांगावे लागते, पुरावा दाखवावा लागतो आणि त्याचे म्हणणे ऐकावे लागते. राज्यघटनेचे चौदावे कलम सरकारला मनमानी करू देत नाही, आणि त्याचा आधार प्रामाणिक माणसाला जसा मिळतो तसा लबाडालाही. तो लबाड आहे की नाही, हेच तर अजून ठरायचे असते!

एक गाव डोळ्यांसमोर आणा. नाव नको. तीनशे कार्डे, एकच दुकान, दुसरे दुकान चार किलोमीटरवर. गावातल्या काही जणांनी तहसील कार्यालयात अर्ज दिला की धान्य कमी मिळते, दुकान महिन्यातून चारच दिवस उघडते. एके दुपारी पुरवठा निरीक्षक आले. दुकान बंद. दुकानदाराला शेतावरून बोलावून आणले, कुलूप काढले, पोती मोजली. नोंदीप्रमाणे बावीस क्विंटल तांदूळ हवा होता, भरला सोळा. पंचनामा झाला, दहा कार्डधारकांचे जबाब झाले. अहवाल तहसीलदारांकडे आणि तिथून जिल्हा पुरवठा अधिकाऱ्यांकडे गेला. (दुकान रद्द करण्याचा अधिकार जिल्ह्यात साधारणतः त्यांचा असतो. तहसीलदार अहवाल पाठवतात, गावात मात्र नाव तहसीलदारांचेच होते.) दुकानदाराला नोटीस आली की तपासणीत गंभीर दोष आढळले, सात दिवसांत खुलासा करा. त्याने खुलासा दिला की सहा क्विंटल त्याच दिवशी सकाळी वाटले होते, नोंद संध्याकाळी करणार होतो. पंधरा दिवसांनी आदेश निघाला, ‘खुलासा समाधानकारक नाही. सबब प्राधिकारपत्र रद्द करण्यात येत आहे.’ तीनशे कार्डे चार किलोमीटरवरच्या दुकानाला जोडली गेली.

गावाला वाटले, न्याय झाला. वकिलाला हा आदेश दाखवला तर तो पहिल्या वाचनातच चार भोके दाखवील. नोटिशीत ‘गंभीर दोष’ एवढेच आहे, कोणते ते नाही. पंचनाम्याची आणि जबाबांची नक्कल दुकानदाराला दिलेली नाही, मग तो उत्तर कशाला देणार? नोटिशीत फक्त खुलासा मागितला, दुकान रद्द होऊ शकते हे कुठेच म्हटले नाही. एका कंत्राटदाराला काळ्या यादीत टाकण्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली स्पष्ट केले, की कोणती कारवाई योजली आहे हे नोटिशीतून कळले पाहिजे. आणि शेवटचे म्हणजे ते तीन शब्द, ‘खुलासा समाधानकारक नाही’. का नाही? त्या दिवशी सकाळी धान्य घेतले असे म्हणणारा एकही कार्डधारक सापडला नाही म्हणून? मग तसे लिहा! सकाळी वाटप झाले नव्हते हे शेजारच्या दोघांना विचारून अर्ध्या तासात नोंदवता आले असते. ते केले नाही, म्हणून सहा क्विंटलचा खरा मुद्दा कागदावर दुबळा झाला.

या आदेशाविरुद्ध दुकानदाराला पायऱ्या आहेत. जिल्ह्यात निर्णय झाला की विभागाच्या उपायुक्तांकडे (पुरवठा) दाद मागायची. तिथे हरला तर राज्य सरकारकडे पुनरीक्षण, म्हणजे व्यवहारात अन्न व नागरी पुरवठा खात्याच्या मंत्र्यांपुढे सुनावणी. मुंबईत शिधावाटप नियंत्रकांची यंत्रणा वेगळी आहे, पण चढण तशीच. त्यानंतर उच्च न्यायालयात रिट याचिका. एरवी हायकोर्ट म्हणते, आधी खालच्या पायऱ्या चढून या. पण म्हणणेच ऐकून घेतले नाही किंवा अधिकार नसताना आदेश काढला अशी तक्रार असेल, तर थेटही येता येते. १९९८ च्या व्हर्लपूल खटल्यापासून हे अपवाद वकिलांच्या तोंडपाठ आहेत.

सामान्य माणसाचा इथे एक गैरसमज होतो. हायकोर्ट पुन्हा पोती मोजायला बसत नाही. सोळा क्विंटल होते की बावीस, हा त्याच्यापुढचा प्रश्न नसतो. अधिकाऱ्याने कायद्याने घालून दिलेल्या वाटेने जाऊन निर्णय घेतला का, एवढेच ते पाहते. म्हणूनच ‘कोर्टाने दुकानदाराला निर्दोष सोडले’ असे जे गावात सांगितले जाते, ते बहुधा खरे नसते. आदेश रद्द होतो आणि प्रकरण परत त्याच अधिकाऱ्याकडे जाते, की नव्याने नोटीस द्या, कागद द्या, ऐका आणि कारणे लिहून निर्णय द्या. पण तोवर वर्ष-दीड वर्ष उलटलेले असते. निरीक्षकांची बदली झालेली असते, पंचांपैकी एक पुण्याला कामाला गेलेला असतो. दुसऱ्या फेरीत पुरावा पहिल्यापेक्षा पातळच असतो.

या बाबतीत मला एक जुना मुंबईचा खटला नेहमी आठवतो. त्यात धान्य नाही, सिनेमा आहे. अंधेरीला सिनेमागृह बांधायला पोलीस आयुक्तांनी एकाला परवानगी दिली आणि पुढे ती काढून घेतली. पत्राचा आशय असा, की सरकारच्या सांगण्यावरून तुमची परवानगी रद्द झाल्याचे कळवतो. १९५१ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की परवानगी रद्द करण्याचा अधिकार आयुक्तांचा होता, तेव्हा निर्णयही त्यांनीच, स्वतःच्या बुद्धीने घ्यायला हवा होता. नुसता वरचा निरोप पोचवणे म्हणजे निर्णय नव्हे. आणि दुसरे, आदेशात जे लिहिले नाही ते नंतर प्रतिज्ञापत्रात लिहून भागत नाही. १९७७ साली निवडणुकीच्या एका गाजलेल्या खटल्यात हे दुसरे तत्त्व न्यायालयाने पुन्हा ठासून सांगितले.

रेशनच्या प्रकरणांत ही दोन्ही दुखणी आढळतात. मोर्चा येतो, लोकप्रतिनिधींचे पत्र येते, आणि आदेशातच लिहिले जाते की अमुक यांच्या पत्रास अनुसरून दुकान रद्द. पत्र खरे असेल, तक्रारही खरी असेल. पण अधिकाऱ्याने स्वतः काय पाहिले? आणि कोर्टात सरकारी वकील उत्तर दाखल करतात तेव्हा त्यात एकदम दहा कारणे दिसतात, जी मूळ आदेशात नव्हती. त्यांचा उपयोग होत नाही.

म्हणजे कोर्टे दुकानदारांच्या बाजूची आहेत का? मुळीच नाही. भुकेच्या प्रश्नावर पीयूसीएल या संघटनेने २००१ साली केलेल्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने २ मे २००३ रोजी जो आदेश दिला तो पाहा. ठरल्या काळात दुकान महिनाभर उघडे न ठेवणे, दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबांकडून जादा भाव घेणे, त्यांची कार्डे स्वतःकडे ठेवून घेणे, कार्डावर खोट्या नोंदी करणे, धान्य काळ्या बाजारात वळवणे, यांपैकी काहीही आढळले तर परवाना रद्द करा आणि त्यात ढिलाई दाखवू नका, असे न्यायालयाने बजावले. पुढे २००६ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती वाधवा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमून देशभरची वितरणव्यवस्था तपासायला लावली. एकाच न्यायव्यवस्थेची ही दोन बोलणी आहेत, ‘कडक व्हा’ आणि ‘रीतसर व्हा’. अधिकाऱ्यांना पहिले ऐकू येते. दुसरे वेळखाऊ वाटते.

दोष आणि शिक्षा यांचे मापही बघितले जाते. भावफलक लावला नाही, साठ्याची पाटी जुनी आहे, नोंदवहीत खाडाखोड आहे, या चुकाच. पण त्यासाठी अनामत जप्त करता येते, दंड करता येतो, ताकीद देता येते. तेवढ्यासाठी दुकानच काढले तर शिक्षा जास्त झाली असे वरचा अधिकारी किंवा कोर्ट म्हणू शकते. नुसता गुन्हा दाखल झाला एवढ्यावर दुकान कायमचे रद्द करणेही अडचणीचे ठरते. उलट फौजदारी खटल्यातून सुटला म्हणून दुकान आपोआप परत मिळते असेही नाही. तिथे पुरावा संशयापलीकडचा लागतो, इथे तेवढा लागत नाही.

आता सगळ्यात अवघड गोष्टीकडे येतो. पंचनाम्याच्या दिवशी ज्या दहा जणांनी ‘आम्हाला धान्य मिळत नाही’ असा जबाब दिला, त्यांतलेच सहा जण पुढे अपिलात प्रतिज्ञापत्र करतात, ‘आमची दुकानदाराबद्दल तक्रार नाही, आधीचा जबाब आम्हाला वाचून दाखवला नव्हता.’ खोटे कोणते? शहरातला माणूस लगेच म्हणतो, विकले गेले. मला तसे वाटत नाही. दुकानदार गावातलाच असतो. अडीअडचणीला शंभर-दोनशे रुपये तोच देतो, त्याच्याच किराणा दुकानात उधारीची वही असते. तो परत काट्यावर बसणार हे सगळ्यांना ठाऊक असते. निरीक्षक जीपमध्ये बसून निघून जातात, दुकानदार समोरच्या गल्लीत राहतो. अशा बाईने कुणाविरुद्ध अंगठा द्यायचा? आणि कधीकधी पहिला जबाबच खरोखर वाचून दाखवलेला नसतो. एकाच कार्बनवर काढल्यासारखे दहा जबाब, दहांतही तेच वाक्य, नाव तेवढे वेगळे. असे जबाब वरच्या पायरीवर कुणी मनावर घेत नाही, आणि ते बरोबरच आहे.

दरम्यान चार किलोमीटरवरच्या दुकानदाराचे काय? तात्पुरता जोडलेला कोटा त्यालाही सोडवत नाही. कधी जुन्याच्या जागी बचत गटाला रीतसर दुकान दिलेले असते. बायकांनी कर्ज काढून गाळा घेतलेला असतो, काटा आणलेला असतो, आणि एक दिवस कळते की जुन्याचे दुकान परत आले. त्यांना ऐकून न घेता हे कसे झाले? उत्तर प्रदेशातल्या एका प्रकरणात २०१५ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते, की भांडण जुना दुकानदार आणि सरकार यांच्यातले आहे, नंतर आलेल्याला त्यात आवश्यक पक्षकार म्हणून जागा नाही. २०२२ साली त्याच राज्यातले दुसरे प्रकरण आले. तेव्हा न्यायालयाने आधीच्या निकालाचा संदर्भ वेगळा असल्याचे सांगून ठरवले, की नियमित पद्धतीने दुकान मिळालेल्या नव्या दुकानदाराला ऐकलेच पाहिजे. मला हा दुसरा निकाल जास्त रास्त वाटतो. बचत गटांनी मात्र एवढे करावे, दुकान स्वीकारताना आधीच्याचे अपील चालू आहे का, हे पुरवठा कार्यालयाला लेखी विचारावे.

या सगळ्या पक्षकारांत एक नाव कुठेच नसते, ते कार्डधारकाचे. स्थगिती आली की कार्डे जुन्या दुकानाला, स्थगिती उठली की पुन्हा चार किलोमीटरवर. रोजंदारीवर जाणाऱ्या बाईचा अर्धा दिवस, म्हणजे अर्धी मजुरी, त्या चालण्यात जाते. अंगठ्याचे यंत्र आल्यापासून घरातल्या माणसालाच जावे लागते, शेजाऱ्याकडून धान्य आणवता येत नाही. ‘एक देश, एक रेशनकार्ड’ योजनेमुळे आता दुसऱ्या दुकानातूनही धान्य घेता येते. २०१९ मध्ये तिची सुरुवात महाराष्ट्र आणि गुजरात यांच्यात झाली, तशीच आंध्र आणि तेलंगणात. पण ज्या गावात एकच दुकान आहे तिथे दुसरे दुकान म्हणजे दुसरे गाव.

यंत्रामुळे पुराव्याचाही रंग बदलला आहे. पूर्वी भांडण नोंदवहीवर चाले. आता कोणत्या तारखेला, किती वाजता, कुणाच्या अंगठ्यावर किती धान्य दिले याची नोंद यंत्रात असते. आमच्या गोष्टीतल्या दुकानदाराला ‘सकाळी वाटले, संध्याकाळी नोंदणार होतो’ असे आज सहज म्हणता येणार नाही. पण यंत्रालाही एक गोष्ट दिसत नाही. अंगठा पंचवीस किलोला घेतला आणि पिशवीत वीसच किलो घातले, तर यंत्र पंचवीसच सांगणार. तिथे पुन्हा माणसाचा जबाबच लागतो.

म्हणून पंचनाम्याच्या दिवशी दारात निरीक्षक उभे राहिले तर काय करावे, ते सांगतो. ‘धान्य नीट मिळत नाही’ एवढे सांगून थांबू नका. कोणत्या महिन्यात, किती किलो मिळायला हवे होते, किती मिळाले, पैसे मागितले का, किती, पावती दिली का, हे आपल्या शब्दांत सांगा. यंत्राच्या पावत्या डब्यात जपून ठेवल्या असतील तर त्या दाखवा, त्यांचा उल्लेख जबाबात करायला लावा. अधिकारी घाईत असले तरी जबाब मोठ्याने वाचून दाखवायला सांगा, वाचता येणाऱ्या नातवाला शेजारी उभे करा. हक्काचे धान्य मिळालेच नाही तर अन्न सुरक्षा भत्ता मागण्याची तरतूद कायद्यात आहे, आणि तक्रार ऐकायला जिल्ह्यात तक्रार निवारण अधिकारी आहेत. तिथे अर्ज दिल्यास पोच घ्या. आणि जबाबाच्या कागदावर सहीच्या वर मोकळी जागा सोडलेली दिसली, तर ती आडव्या रेघेने बंद करायला सांगून मगच अंगठा द्या.